कारखान्याच्या गेटवरची बोली

मोखाड्यापासून वसईपर्यंत कुठून कुठून पहाटेच निघून आलेल्या मंडळींनो,

स्वागत समितीच्या वतीनं मी बोईसर-तारापुरात आपलं मनापासून स्वागत करतो. डहाणू लोकलमध्ये उभं राहून आलात, पुढे शेअर रिक्षात दाटीवाटीनं बसलात. याबद्दल आभार मानावेत की दिलगिरी व्यक्त करावी, कळत नाही. संध्याकाळी वारा फिरला तर रसायनांचा वास येईल. ते स्वागताचं अत्तर नव्हे, एवढं लक्षात असू द्या.

बोलींचं संमेलन एमआयडीसीत कशाला, असं बऱ्याच जणांनी विचारलं. जव्हारला शोभलं असतं, वसईला शोभलं असतं. आमच्या समितीचं म्हणणं असं की, खरी गरज इथेच आहे.

बाहेरून आलेला माणूस या किनाऱ्याला नवा नाही. शेजारच्या चिंचणीत सापडलेला शके ८४८, म्हणजे इ. स. ९२६ चा ताम्रपट पाहा. राष्ट्रकूटांच्या वतीनं संजाणचा कारभार पाहणारा अधिकारी त्यात ताजिक, म्हणजे अरब आहे, आणि दान एका मठाला दिलेलं आहे. पुढे पोर्तुगीज आले, मराठे आले. १९६९ मध्ये अणुवीज केंद्र सुरू झालं. त्याच्या पुढच्या विस्तारात अक्करपट्टी आणि पोफरण ही गावं उठली. औद्योगिक वसाहतीत देशभरातून कामगार आले. त्यांचंही स्वागतच आहे. पण आमचा वारली मुलगा सकाळी पाड्यावर आईशी वारलीत बोलतो, शाळेत पुस्तकी मराठीत गप्प बसतो आणि कंपनीच्या गेटवर हिंदीत हजेरी देतो. मांगेल्यांच्या आणि वाडवळांच्या घरातही फार वेगळं घडत नाही.

कारखाना आला की बोली जाणारच, असं आपण धरून चालतो. ते खरं नाही. आफ्रिकेतल्या झांबियात तांब्याच्या खाणींचा पट्टा आहे. गेल्या शतकात तिथे अनेक जमातींचे लोक मजुरीला आले. उत्तरेकडच्या बेंबा लोकांची भाषा त्या खाणवस्त्यांत सगळ्यांची झाली, परजमातीच्या माणसानंही ती उचलली. ऑड्री रिचर्ड्स या ब्रिटिश अभ्यासक बाईंनी बेंबा मुलींच्या वयात येण्याच्या विधीवर १९५६ मध्ये मोलाचं पुस्तक लिहिलं. पण त्याच्या आधीच, १९५० मध्ये, स्टीफन म्पाशी या बेंबा लेखकानं सैन्यात भरती झालेल्या तरुणाची कादंबरी थेट बेंबात लिहिली होती. म्हणजे बाहेरचे लिहीत होते तेव्हा घरचेही लिहीत होते. मला हेवा वाटतो तो याचा.

आपल्याकडे काय झालं? के. जे. सावे यांचं वारल्यांवरचं इंग्रजी पुस्तक १९४५ चं. त्याच वर्षी वेठबिगारीविरुद्ध वारल्यांचा लढा उभा राहिला. तो गोदावरी परुळेकरांनी ‘जेव्हा माणूस जागा होतो’मध्ये मांडला आणि १९७२ मध्ये त्या पुस्तकाला साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. कविता महाजनांनी वारली लोकगीतं गोळा केली. गणेश देवींच्या भाषा सर्वेक्षणाच्या महाराष्ट्र खंडात, अरुण जाखडे यांच्या संपादनाखाली, आपल्या बोलींची दखल घेतली गेली. या सगळ्यांचे आपण ऋणी आहोत. माझी तक्रार त्यांच्याविषयी नाही, आपल्याविषयी आहे.

चित्रांत आपण मागे राहिलो नाही. गंजाडच्या जिव्या सोमा मशे यांना २०११ मध्ये पद्मश्री मिळाली. आज वारली चित्र विमानतळावर दिसतं, कुर्त्यावर दिसतं, चहाच्या कपावरही दिसतं. पण लग्नचौकाच्या त्या चित्रासमोर धवलेरी बसते, तिचं काय? वारल्यांचं पारंपरिक लग्न ही बाई लावते. तांदळाच्या पिठाचा चौक सवाशिणींनी काढून झाला की ती गाऊ लागते. पालघट देवीला बोलावते, चौकातल्या एकेका देवाला हाक मारते, आणि हे सगळं तोंडपाठ असतं. चौकाचं चित्र विकलं गेलं, जगभर गेलं. त्याच्यासोबतचं गाणं पाड्यावरच राहिलं. आता मांडवात डीजे लागतो. त्यावर वारली गाणीही वाजतात, हे मला वाईट वाटत नाही. यूट्यूबवर वारलीत गाणारी पोरं लाजत नाहीत, हीच मोठी गोष्ट. मात्र गाण्यावर थांबून भागणार नाही. गोष्ट, आत्मकथन, कामगाराचं रोजचं जगणं हे सगळं त्या बोलीत उतरायला हवं, आणि जमल्यास शिफ्ट सुपरवायझरवरची एखादी विनोदी कथाही.

१ ऑगस्ट २०१४ ला आपला स्वतंत्र जिल्हा झाला. वाढवण बंदराचं भूमिपूजन २०२४ मध्ये झालं. बुलेट ट्रेनचं स्टेशन बोईसरला होतंय. आणखी माणसं येतील. त्यांना इथली बोली शिकावीशी वाटेल असं काही आपल्या हातात हवं, आणि ते आपणच तयार करायचं आहे.

म्हणून समितीनं मंडपाच्या दाराशी कोऱ्या वह्या ठेवल्या आहेत. वारली, मांगेली, वाडवळी, सामवेदी, कातकरी, ज्याची जी बोली असेल त्यात किमान एक पान लिहून जा. शुद्धलेखन कुणी तपासणार नाही. लिहिता येत नसेल अशा आजी-मावशींसाठी लिहून घ्यायला आमची मुलं बसली आहेत. फक्त एक अट आहे: प्रमाण मराठीत लिहू नका, ते काम माझ्या या भाषणानं पुरेसं केलं आहे.