वारंवार न्यूमोनिया आणि रक्तातली प्रतिपिंडं

मंठा, परतूर किंवा भोकरदनकडच्या एखाद्या बाळाला वर्षात दोनदा न्यूमोनिया झाला, कान सतत वाहत राहिला, की दोष हवेला, धुळीला नाहीतर कुपोषणाला दिला जातो. ही कारणं खरीही असतात. पण तेवढ्यावरच थांबलं तर जंतूंशी लढणाऱ्या प्रतिपिंडांची कमतरता नजरेआड होते. आईकडून मिळालेली प्रतिपिंडं साधारण सहा महिने पुरतात. बाळाची स्वतःची तयार होत नसतील, तर दुखणी बहुधा त्यानंतर सुरू होतात. म्हणून आजारपण कोणत्या महिन्यापासून लागलं, हे डॉक्टरांना आवर्जून सांगा.

लहान मुलं आजारी पडायचीच, असं कुणी म्हणेल. बरोबर आहे, वर्षात सहा-आठ वेळा सर्दी होतेच. पण शिरेतून अँटिबायोटिक देऊनही संसर्ग उलटणं, किंवा घरात आधीचं बाळ अशाच आजाराने दगावलेलं असणं, ही सर्दी-पडशाची गोष्ट नव्हे. तिथे टॉनिकचा उपयोग नाही. आयजीजी, आयजीए, आयजीएम ही प्रतिपिंडं मोजणारी रक्ततपासणीच लागते. पुढच्या तपासण्यांसाठी मुंबईत, परळला केईएम रुग्णालयाच्या आवारात नॅशनल इन्स्टिट्यूट ऑफ इम्युनोहिमॅटॉलॉजी आहे. उपचार परवडत नाहीत, मग निदान कशाला, हा प्रश्नही रास्त आहे. पण उपचार लागू पडतो: 1952 साली अमेरिकेत डॉ. ऑग्डेन ब्रूटन यांनी प्रतिपिंडं नसलेल्या एका आठ वर्षांच्या मुलाला दरमहा प्रतिपिंडं टोचली आणि त्याचे गंभीर संसर्ग थांबले. आज ती हजारो दात्यांच्या प्लाझ्मापासून बनतात, महाग आहेतच. पण निदान झालं की एक धोका बिनखर्चात टळतो: इतर मुलांना आवश्यक असलेले पोलिओचे तोंडी थेंब, जिवंत लस असल्याने, या बाळाला द्यायचे नसतात.