सातबाऱ्यावर नाव लागलं, पण जमीन कसली आहे?

(युवा शिबिरात केलेल्या भाषणाचे शब्दांकन)



मुंब्रा-भिवंडीपासून रत्नागिरीपर्यंत आपल्या कितीतरी घरांत एक जण आखातात राबतो आणि त्या पैशातून खाडीकाठी प्लॉट घेतला जातो. घरचे दोनच प्रश्न विचारतात : रजिस्ट्री झाली का? सातबाऱ्यावर नाव चढलं का? 'हो' म्हटलं की सगळे निश्चिंत. आज या निश्चिंतपणाबद्दल बोलायचं आहे.

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे, वकील नाही. पण नोंदी सांभाळणं हे माझं रोजचं काम. त्यातून एक कळतं : नोंदवही ज्या कामासाठी बनवली जाते, त्याच प्रश्नाचं उत्तर देते.

1908 च्या नोंदणी कायद्याखाली खरेदीखताची नोंद होते, मालकीची हमी मिळत नाही. पुढे फेरफार होऊन सातबाऱ्यावर नाव लागतं. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेच्या कलम 157 प्रमाणे ती नोंद खरी मानली जाते, पण विरुद्ध काही सिद्ध होईपर्यंतच.

शिवाय सातबारा घडला तो सारावसुलीसाठी. पीक येत नाही त्या तुकड्याला तिथे 'पोटखराबा' म्हणतात. पावसाचं पाणी पोटात घेणारी, मासळीला आसरा देणारी दलदल महसुलाच्या भाषेत 'खराब' ठरते! मग भराव टाकून ती 'चांगली' करायला कुणाला काय वाटणार?

पाणथळीचा कायदा वेगळाच प्रश्न विचारतो. जागा कुणाची, हे नव्हे. तिथे पाणी राहतं का, हे. 2017 च्या पाणथळ नियमांनुसार रामसर स्थळं आणि अधिसूचित पाणथळींवर अतिक्रमण, कचरा टाकणं, पक्कं बांधकाम यांना मनाई आहे. त्याच वर्षी सर्वोच्च न्यायालयाने उपग्रहाच्या मदतीने नोंदलेल्या 2,01,503 पाणथळींना संरक्षण द्यायला सांगितलं. कांदळवनांबाबत मुंबई उच्च न्यायालयाने 2018 मध्ये स्पष्ट केलं की जमीन खाजगी असली तरी ती तोडता येणार नाहीत. म्हणजे मालक तुम्हीच, पण भराव टाकलात तर गुन्हा तुमच्याच नावावर.

अडचण अशी की या दोन याद्या एकमेकींशी बोलत नाहीत. उपग्रहाच्या नकाशात अक्षांश-रेखांश आहेत, सातबाऱ्यावर गट नंबर. शिवाय वरच्या आकड्यात सव्वादोन हेक्टरपेक्षा मोठ्याच पाणथळी आहेत. गावची छोटी तळी त्यात नाहीत. या दोन याद्यांमधल्या फटीतच प्लॉटविक्री चालते. विकणारा पैसे घेऊन मोकळा होतो. नोटीस आणि पावसाळ्यात घरात शिरणारं पाणी घेणाऱ्याच्या वाट्याला.

म्हणून प्रत्येक ओली जमीन कायद्यात अडकली असं समजू नका. भातशेती, मिठागरं, सिंचनासाठी बांधलेले तलाव 2017 च्या नियमांतून वगळले आहेत. किनाऱ्याला मात्र सीआरझेडचे वेगळे नियम लागू आहेत. कुठली जागा कशात बसते, हे तपासूनच बोलावं.

आणखी एक बाजू. खाडीत जाळं टाकणाऱ्या दालदी भावाचं, चिखलातून कालवं काढणाऱ्या बाईचं नाव कुठल्याच सातबाऱ्यावर नसतं. पण पाणथळ अधिसूचित करताना तिथल्या आधीच्या हक्कांची नोंद घ्यावी, असं हेच नियम सांगतात. मसुदा निघाला की हरकतींसाठी साठ दिवस मिळतात. त्या साठ दिवसांत अर्ज गेला नाही, तर पिढ्यान्पिढ्यांची वहिवाट कागदावर येणार कशी?

तेव्हा प्लॉट घेण्याआधी एवढं करा. जुने फेरफार काढा, 'पोटखराबा' आणि 'इतर हक्क' नीट वाचा. गावनकाशावर ओढा, तळं शोधा. खाडीजवळ असेल तर किनारा व्यवस्थापनाचा नकाशा पाहा. जागा जुलैत जाऊन बघा, उन्हाळ्यात नव्हे. आणि शेजारच्या म्हाताऱ्यांना विचारा, इथे पूर्वी काय होतं? भराव पडताना दिसला तर फोटो, तारीख आणि गट नंबर लिहून तहसीलदाराकडे लेखी तक्रार द्या, पोच घ्या.

तुमच्यापैकी अनेकांना संगणक येतो. आपापल्या गावची तळी, खाजणं आणि त्यांचे गट नंबर यांची एक यादी करा. पुढच्या बैठकीला येताना ती सोबत आणा.