जावातील कर्ण आणि नावाचे ओझे



१९०१ साली पूर्व जावामध्ये एका शाळामास्तरांच्या घरी मुलगा जन्मला. त्याचे नाव ठेवले कुस्नो. मूल वारंवार आजारी पडू लागले, तेव्हा वडिलांनी निदान केले ते नावाचे. हे नाव बाळाला पेलत नाही! त्यांनी महाभारतातील कर्णाचे नाव निवडले. पण कर्ण लढला कौरवांच्या बाजूने; म्हणून त्याच्यामागे ‘सु’ हा उपसर्ग लावला. जावानी उच्चारात अंत्य ‘अ’ ‘ओ’कडे झुकतो, आणि सुकर्णाचा झाला सुकर्णो. तोच इंडोनेशियाचा पहिला राष्ट्राध्यक्ष. ही हकीकत सुकर्णो यांनी स्वतःच आपल्या आत्मकथनात सांगितलेली आहे.

नाव जड होते, ही जावातील जुनी समजूत. तिला तिकडे शब्दच आहे ‘काबोतान जेनेंग’. अशा वेळी लाल-पांढरी खीर रांधून शेजाऱ्यांना बोलवायचे आणि मुलाचे नवे नाव जाहीर करायचे. आपल्याकडे मूल जगावे म्हणून दगडू, धोंडू, केरोबा अशी नावे ठेवली गेली. तिथे नाव हलके करायचे, इथे तर ते आधीच मातीमोल करून टाकायचे. भीती दोन्हीकडे एकच, बालमृत्यूची.

विशेष हे की, जावा हा बहुसंख्य मुसलमानांचा प्रदेश. तरीही पहिल्या अपत्याला एका, दुसऱ्याला द्वी, तिसऱ्याला त्री, चौथ्याला चातुर अशी संस्कृत संख्यानामे तिथे सहज आढळतात. शेजारच्या बालीत हा क्रम अधिक काटेकोर : वायान, माडे, न्योमान, केतुत. ‘माडे’मध्ये आपला ‘मध्य’ दडलेला आहे. पाचवे मूल आले की पुन्हा वायानपासून सुरुवात. सुकर्णो यांच्या मातोश्री बालीच्या, त्यांच्या नावात न्योमान होते. म्हणजे क्रमाने तिसरे नाव. आडनाव हा प्रकार जावात रूढ नाही. मेघावती सुकर्णोपुत्री या २००१ ते २००४ या काळात राष्ट्राध्यक्ष होत्या. त्यांच्या नावातील ‘सुकर्णोपुत्री’ म्हणजे कुळाचे नाव नव्हे, केवळ ‘सुकर्णोंची मुलगी’.

येथवर नाव हे आई-वडिलांच्या मायेचे काम. शासन त्यात शिरले की चित्र पालटते. १९६५च्या उलथापालथीनंतर, डिसेंबर १९६६ मध्ये, जकार्ताच्या मंत्रिमंडळाने चिनी वंशाच्या नागरिकांसाठी नाव बदलण्याची सुलभ पद्धत जाहीर केली. सुलभ म्हटले तरी दडपण उघड होते. पिढ्यान्‌पिढ्यांचे कुलनाम टाकून इंडोनेशियन वाटेल असे नाव घ्यायचे! कित्येकांनी जुने अक्षर नव्या नावात लपविले : ‘लिम’चे ‘सालिम’ झाले. दारात एक नाव, देव्हाऱ्यासमोर दुसरे.

बॅडमिंटनप्रेमींना रुडी हार्तोनो आठवत असतील. ऑल इंग्लंड स्पर्धेत आठ वेळा विजेते, १९६८ ते १९७४ सलग आणि पुन्हा १९७६ साली. त्यांचे जन्मनाव निओ हाप लियांग. ‘हार्तो’ हा संस्कृत ‘अर्थ’चाच अवतार, हेच मूळ तत्कालीन सत्ताधीश सुहार्तो यांच्याही नावात आहे. चिनी घरातल्या मुलाने ‘देशी’ म्हणून घेतलेले नाव असे मुळात संस्कृतातून गेलेले! मात्र १९८० मध्ये ज्यांना हरवून प्रकाश पदुकोण ऑल इंग्लंड विजेते झाले, त्या लिम स्वी किंग यांना जगाने चिनी नावानेच ओळखले.

२०२२ साली इंडोनेशियाच्या गृहमंत्रालयाने नवा नियम केला. नोंदवायचे नाव किमान दोन शब्दांचे असावे, साठ अक्षरांपेक्षा मोठे नसावे. आधी नोंदलेली नावे तशीच राहिली. सुकर्णो आणि सुहार्तो, दोघेही एकाच शब्दाचे धनी.