महाभारत लिहिलं कुणी?

 

मागच्या बैठकीत बचत जमा झाली आणि वाद निघाला. गटाच्या वर्धापनदिनाला छोटं नाटक करायचं ठरलंय. १७९५ ची खर्ड्याची लढाई, आणि तेव्हा इथल्या बायांनी काय सोसलं असेल ते. लिहायचं भाभींनी, कारण गटाचं इतिवृत्त त्याच लिहितात. तर एकजण म्हणाली, "लढाई मराठ्यांची अन् निजामाची. भाभी कशा लिहिणार?" भाभींनी वही मिटली. खरं सांगतो, आम्हालाही लगेच उत्तर सुचलं नाही.

घरी गेल्यावर आठवलं ते टीव्हीवरचं महाभारत. ऑक्टोबर १९८८ ते जून १९९०, दर रविवारी सकाळी. ९४ भाग. आमच्या आया हातातलं काम टाकून पळायच्या. त्याचे संवाद लिहिले राही मासूम रझा यांनी. गंगेकाठच्या गाझीपूरकडचे कादंबरीकार. आपल्याच गावावर त्यांनी 'आधा गाँव' ही कादंबरी लिहिली, १९६६ साली. पुढं मुंबईत येऊन सिनेमाचे संवाद लिहिले, मग टीव्हीचे. असं सांगतात, की महाभारताला ते आधी नाहीच म्हणाले होते. पण मुसलमान माणूस महाभारत कसा लिहिणार, अशी पत्रं आली, तेव्हा म्हणाले, मी गंगेचा मुलगा आहे, आता मीच लिहिणार.

कादंबरी ज्याला अक्षर येतं त्याचीच. टीव्हीवरचं बोलणं मात्र अंगठा उठवणाऱ्या आमच्या आजीलाही कळलं. भाषा घरातली नव्हती, तरी कळलं. गोष्ट सांगायला त्यांनी 'समय' उभा केला, म्हणजे काळच बोलतो. आणि ते 'माताश्री'! अजून आम्ही सासूबाईंची चेष्टा करायला तोच शब्द वापरतो. (त्या ऐकत असतील तर माफी.)

पुढच्या बैठकीत हे सगळं सांगितलं. जी बोलली होती ती गप्प बसली, मग म्हणाली, "लिहा तर खरं, भाभी. आधी वाचून दाखवा." माफी काही मागितली नाही तिनं. भाभींनीही मागितली नाही तिच्याकडून.

दोन पानं झालीत. भाभींच्या नाटकात किल्ल्याची भिंत बोलते. ती कुणाच्याच बाजूनं बोलत नाही, पाणी भरणाऱ्या बायांचं सांगते. आता भिंत कुणी व्हायचं, यावरून नवा वाद चालू आहे.