कुरवंड्याची वाट
(माजी विद्यार्थी मेळाव्यातील भाषण)

नागफणीवर फोटो काढायला गर्दी होते. शेजारून कोकणात उतरणारी कुरवंड्याची वाट मात्र फारसं कुणी विचारत नाही. फेब्रुवारी १६६१ मध्ये शाहिस्तेखानाने पुण्याहून धाडलेला कारतलबखान इथूनच उतरला. महाराजांनी त्याला माथ्यावर अडवलं नाही, मुद्दाम उतरू दिलं. खाली उंबरखिंडीच्या रानात फौजेची लांबच लांब रांग झाली आणि पुढची-मागची दोन्ही तोंडं बंद! वरून मारा, खाली घशाला कोरड. एवढी मोठी फौज, पण तिला वळायलाही जागा नाही. शेवटी माहूरच्या रायबागनने खानाला शरण जायला लावलं. महाराजांनी सामान आणि खंडणी घेतली आणि माणसं जिवंत सोडली. मला लढाईपेक्षा हेच मोठं वाटतं.