वेदीपासून रोगशय्येपर्यंत
(धर्मग्रामाच्या ज्युबिली महोत्सवांत दिलेलें व्याख्यान)



या मंगल प्रसंगीं मला चार शब्द बोलण्याची आज्ञा झाली, तेव्हां आपल्या पूर्वजांच्या श्रद्धेची स्तुति करावी असें प्रथम मनांत आलें. परंतु तें कार्य माझ्याहून अधिक अधिकारी वक्त्यांनीं उत्तम रीतीनें केलें आहे. मी आज तुम्हांस इटली देशांतील नेपल्स नगराकडे नेऊं इच्छितों. कारण ज्या प्रश्नानें माझें मन पुष्कळ वर्षें पोळत आलें, त्याचें उत्तर मला तेथें सांपडलें. प्रश्न असा कीं, आजारी माणसानें भरंवसा देवावर ठेवावा कीं औषधावर?

इटली म्हटली म्हणजे आपणांस रोमची महामंदिरें, चित्रें आणि मूर्ति आठवतात. परंतु त्या देशाच्या धर्मवारशांत रुग्णालयांचें स्थान मोठें आहे. मारिया लोरेंझा लोंगो नांवाची एक कुलीन विधवा पक्षाघातानें पंगु झाली होती. लोरेतो येथील पवित्र मातेच्या मंदिरांत ती बरी झाली. आतां ती स्वस्थ घरीं बसली असती, तर कोणीं दोष दिला नसता. पण तिनें 1522 सालीं नेपल्समध्यें असाध्य रोग्यांसाठीं रुग्णालय उभारलें. त्याचें नांवच 'इन्कुराबिली', म्हणजे असाध्य रोग्यांचें घर. ज्यांस सर्वांनीं टाकलें, त्यांस तेथें खाट मिळे. ख्रिस्तसभेनें या माउलीस 2021 सालीं धन्य म्हणून घोषित केलें.

याच रुग्णालयांत सुमारें चार शतकांनंतर एक तरुण डॉक्टर रुजू झाला. त्यांचें नांव जुझेप्पे मोस्काती. जन्म 25 जुलै 1880, बेनेव्हेंतो येथें, वडील न्यायाधीश. वडील भाऊ आल्बेर्तो लष्करांत असतां घोड्यावरून पडला व त्याच्या डोक्यास मोठी दुखापत झाली. त्याच्या उशाशीं बसतांना मोस्कातींस मानवी दुःखाची पहिली ओळख झाली. 1903 सालीं यकृतांत युरिया कसा उत्पन्न होतो या विषयावर प्रबंध लिहून त्यांनीं पदवी मिळविली. पुढें ते शरीर-रसायनशास्त्राचे अध्यापक झाले, आणि संशोधनाचे कित्येक लेख त्यांच्या लेखणींतून उतरले.

परंतु पुस्तकांत बुडालेले हे पंडित नव्हते. 1906 च्या एप्रिलांत व्हेसूव्हियस ज्वालामुखी पेटला. तोर्रे देल ग्रेको येथील रुग्णालयांत वृद्ध व पंगु रोगी होते. मोस्काती तेथें धांवले व राखेच्या वर्षावांत त्यांनीं एकेक रोगी बाहेर काढविला. शेवटचा रोगी बाहेर पडतो न पडतो तोंच राखेच्या भारानें छप्पर कोसळलें. 1911 सालीं नेपल्सवर पटकीचें संकट आलें, त्या वेळीं रोगाचा उगम शोधण्याचें काम त्यांनीं केलें. महायुद्धांत सुमारें 3000 जखमी सैनिकांची शुश्रूषा त्यांच्या हातून झाली.

त्यांचा दिवस मिस्सा व पवित्र कम्युनियन यांनीं सुरू होई. वेदीपासून उठून ते रोगशय्येकडे जात. त्यांच्या घरीं रोग्यांच्या खोलींत एक टोपली असे. ज्यास देतां येईल त्यानें तींत टाकावें, ज्यास गरज असेल त्यानें तींतून घ्यावें, असा त्यांचा नियम होता. ज्या गृहांत शवविच्छेदन होई, तेथें त्यांनीं ख्रिस्ताचा क्रूस लावविला. मृतदेहाच्या परीक्षणानें जिवंतांचे प्राण वांचतात. म्हणून तें कामही त्यांस पवित्र वाटे.

मधुमेहावरील इन्शुलिन 1922 च्या जानेवारींत कॅनडामधील टोरांटो नगरांत प्रथम एका 14 वर्षांच्या मुलास टोंचण्यांत आलें. त्यापूर्वीं अशा मुलांस उपाशी ठेवून थोडे दिवस जगविणें एवढेंच वैद्यांच्या हातीं होतें. इटलींत हें नवें औषध प्रथम वापरणाऱ्यांमध्यें आपल्या या भक्तिमान डॉक्टरांची गणना होते. समुद्रापलीकडून आलेला नवा शोध देवानें धाडला आहे असें जाणून त्यांनीं तो रोग्यांच्या सेवेस लाविला.

बंधुभगिनींनो, इन्शुलिनचा उल्लेख मीं सहज केला नाहीं. आतां माझी एक चूक सांगतों. मी तरुण धर्मगुरु असतांना, दुसऱ्या एका धर्मग्रामांत, एक नवविवाहित मुलगी मिस्सेच्या अगोदर मला दाराशीं भेटली. तिला बाळपणापासून मधुमेह होता. ती म्हणाली, "फादर, मीं नोव्हेनाचे नऊ दिवस सुई न घेण्याचा नवस केला आहे." हें पापनिवेदनांत नव्हे, उघड दाराशीं सांगितलें. घंटा झाली होती, मी घाईंत होतों. मीं हंसून म्हटलें, "देव तुझी भक्ति मान्य करो." पांचव्या दिवशीं तिला बेशुद्ध स्थितींत रुग्णालयांत नेलें. सातव्या दिवशीं मीं तिची अंत्ययात्रा चालविली. तिच्या सासूबाईंनीं मला एका शब्दानेंही दोष दिला नाहीं. तें मौन मी अजून ऐकतों.

कांहीं वर्षांपूर्वीं यात्रेकरूंबरोबर मी नेपल्सला गेलों. तेथें जेझू नुओव्हो नांवाचें येशूसंघीयांचें मंदिर आहे. मूळ राजवाड्याच्या दर्शनी भिंतीचे दगड हिऱ्याच्या पैलूंप्रमाणें टोंकदार घडविलेले आहेत. आंत मोस्कातींची समाधि आहे. शेजारच्या दालनांत त्यांचें सामान ठेविलें असून भिंतींवर नवस फेडणाऱ्यांनीं वाहिलेलीं रुपेरी हृदयें आहेत. त्यांत एक साधी आरामखुर्ची आहे. 12 एप्रिल 1927, पवित्र सप्ताहांतील मंगळवार. सकाळीं मिस्सा, मग रुग्णालय, दुपारीं घरीं रोगी तपासणें, आणि तीन वाजण्याच्या सुमारास बरें वाटेना म्हणून ते त्या खुर्चींत बसले, ते पुन्हां उठले नाहींत. वय अवघें 46. त्या खुर्चीसमोर गुडघे टेंकून मीं त्या मुलीसाठीं प्रार्थना केली, व स्वतःसाठीं क्षमा मागितली. तेथें मला कळलें कीं माझा प्रश्नच चुकीचा होता. देव आणि औषध हे दोन धनी नव्हेत. सुई ज्यानें शोधिली त्याची बुद्धिही देवाचीच देणगी. ती नाकारून देवास कोणतें अर्पण करणार?

ख्रिस्तसभाही हेंच शिकविते. मोस्कातींस 1975 सालीं पोप सहावे पौल यांनीं धन्य, व 25 ऑक्टोबर 1987 रोजीं पोप दुसरे जॉन पौल यांनीं संत घोषित केलें. त्यासाठीं रक्ताच्या कर्करोगांतून एक तरुण लोहार बरा झाल्याचें प्रकरण पुढें आलें. तें चमत्कार म्हणण्यापूर्वीं ख्रिस्तसभेनें तज्ज्ञ डॉक्टरांकडून त्याची तपासणी करविली. जी माता चमत्काराच्या निर्णयासही वैद्यास बोलाविते, ती आजाऱ्यास औषध टाक असें कधीं सांगेल काय? उपवासाच्या बंधनांतूनही ती आजाऱ्यांस मोकळें ठेविते.

म्हणून या ज्युबिलीनिमित्त माझ्या दोन विनंत्या आहेत. पहिली: कोणास नवस करावयाचा असेल तर खुशाल करा, पण त्यासाठीं गोड पदार्थ सोडा, दारू सोडा, शेजाऱ्याशीं असलेलें वैर सोडा, औषध सोडूं नका. आणि मी कितीही घाईंत दिसलों तरी मला थांबवून सांगा, मी थांबेन. दुसरी: येत्या 16 नोव्हेंबरपासून, म्हणजे संत जुझेप्पेंच्या सणापासून, आपल्या मंदिराच्या दाराशीं एक टोपली ठेवूं. ज्यास शक्य त्यानें औषधासाठीं तींत टाकावें, ज्यास गरज त्यानें घ्यावें. कोणीं कोणाकडे पाहूं नये.

त्या मुलीच्या आत्म्यास प्रभु शांति देवो, आणि आपणां सर्वांस श्रद्धेबरोबर सुबुद्धि देवो. आमेन.