दाद मागणे



माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. ही बाई शब्दांवर काय बोलणार, असे घरच्यांनाही वाटले. पण ‘दाद ना फिर्याद’ असे आपण उठता-बसता म्हणतो, त्यातली ही दाद कोण ते पाहावे म्हणून वाचनालयातून माधव जूलियन यांचा 1925 सालचा फारसी-मराठी कोश आणवला. आणखीही एक-दोन पुस्तके चाळली. दुपारची भांडी आटोपल्यावर तेवढाच उद्योग!

दाद हा शब्द फारसी. अर्थ, न्याय. दरबारातून तो आपल्या तोंडी रुळला. शिवाजीमहाराजांनी राज्यव्यवहारकोश करवून दरबारी फारसी शब्दांना संस्कृत शब्द दिले, तरी दाद काही मराठी सोडून गेली नाही.

मूळ त्याहून जुने आहे. इराणच्या दारयस बादशहाच्या अडीच हजार वर्षांपूर्वीच्या शिलालेखात ‘दात’ असा शब्द आहे. म्हणजे घालून दिलेला कायदा. संस्कृतात ‘धा’ म्हणजे ठेवणे, त्या धातूचा हा भाऊबंद. ‘दा’ म्हणजे देणे, त्याचा नव्हे. तेव्हा दाद म्हणजे दान नाही, हे मला फार मोलाचे वाटले. दान देणाऱ्याच्या मर्जीवर असते. दाद नियमातच असते, ती आपण मागायची एवढेच.

गवयाला दाद देतात तीही हीच, गुणाला न्याय. (ज्यांच्या घरी आमटीला दाद मिळते त्या भाग्यवान!)

आता तिच्या सोबतिणी. फिर्याद म्हणजे मदतीसाठी मारलेली हाक. इन्साफ अरबी, त्याच घराण्यातला ‘निस्फ’ म्हणजे अर्धा, दोन्ही वाटे सारखे. आणि तक्रार? अरबीत तिचा मूळ अर्थ आहे, पुन्हा पुन्हा करणे.

हे वाचले आणि मला बाजारातल्या स्वच्छतागृहाचा अर्ज आठवला. भाजीवाल्या बाया पहाटेपासून बसतात आणि जायला जागा नाही म्हणून दिवसभर पाण्याचा घोट घेत नाहीत. आपल्या मंडळाने दोन अर्ज दिले. दुसऱ्या वेळी मी अध्यक्षबाईंबरोबर गेले होते. कारकून म्हणाले, “बाई, तीच तीच तक्रार किती वेळा आणाल?” तेव्हा मला उत्तर सुचले नाही. आता आहे. तीच तीच आणायची असते, म्हणून तर तिला तक्रार म्हणतात, भाऊ!

तिसरा अर्ज सोमवारी जायचा आहे. मागच्या दोन्ही अर्जांचे आवक क्रमांक त्यात घातले आहेत. भाजीवाल्यांच्या सह्या नि अंगठे झाले. आपल्यापैकी अकराजणींच्या सह्या राहिल्या आहेत. कागद चिटणीसबाईंच्या पिशवीत आहे, पेनसुद्धा आहे.